मुदत संपली, पाटी घेऊन जा

गाड्या ओढून आणणाऱ्या मुकादमाच्या आवारात घड्याळ एकच होतं आणि ते मुकादमाच्या मनगटावर होतं. बाकीच्यांसाठी रूळ. फाटकाच्या कमानीला आगगाडीच्या रुळाचा हातभर तुकडा साखळीने टांगलेला होता. पाच वाजले की मुकादमाचा धाकटा मुलगा त्यावर तीन टोले हाणायचा. तिसरा टोला पडला की फाटक बंद. ज्या गाडीची मुदत त्या दिवशी संपत असेल ती तिथून पुढे मुकादमाची, आणि मुकादमाची झालेली गाडी चपटी करायच्या यंत्राखाली जायची.

ठेका नगरपालिकेचा. रस्त्यात वेडीवाकडी लावलेली गाडी उचलून आणायची, महिन्याच्या आत मालकाने दंड भरून सोडवायची, नाहीतर भंगार. आता दंडात काय असतं? दंड नगरपालिकेचा. भंगार आपलं. म्हणून शेवटच्या दिवशी मालक फाटकापर्यंत पोचू नये, ही या धंद्यातली खरी मेहनत. थोरला मुलगा गल्लीच्या तोंडाशी क्रेनचा ट्रक आडवा लावायचा. त्यातूनही कोणी आलाच तर मधला त्याला बडवायचा. जीव जाईल इतकं नाही, पाच वाजतील इतकं. धाकटा टोले द्यायचा आणि पाट्या सांभाळायचा.

पाट्यांचं असं होतं: गाडी यंत्राखाली घालण्याआधी धाकटा तिची नंबराची पाटी पहारीने उचकटून काढायचा आणि दुसऱ्या दिवशी मालक रडत-ओरडत आला की त्याच्या हातात ठेवायचा. "मुदत संपली, पाटी घेऊन जा." लोकांना तो कुचेष्टा करतोय असं वाटे. पण धाकट्याच्या डोक्यात एवढी कुचेष्टा मावत नव्हती. ज्याची वस्तू त्याला द्यावी, इतकंच. ज्यांचे मालक फिरकलेच नाहीत त्या पाट्या खोलीच्या भिंतीवर खिळ्यांना लटकत आणि त्या भिंतीकडे पाठ करूनच धाकटा जेवायला बसे. राहून गेलेलं काही त्याला बघवत नसे.

दोन वर्षांपूर्वी एक टेम्पोवाला टोल्यांच्या आधी पोचला. थोरल्याचा ट्रक आडवा होता, पण हा गडी ट्रकच्या पोटाखालून सरपटत आला. दंडाच्या नोटा दातांत धरून फाटकावर चढला. मधल्याने त्याला गाडी ओढायच्या लोखंडी आकड्याने खाली उतरवला. आकडा मानेत रुतला. मधला चिडून खेचत राहिला आणि टेम्पोवाला फाटकावरून निघून आला तो अर्धा गळा आकड्यावर ठेवूनच. धाकट्याने नेमके तेव्हाच टोले दिले, त्यामुळे ओरडणं बाहेर गेलं नाही. टेम्पो त्याच संध्याकाळी चपटा झाला. टेम्पोवाला दुसऱ्या दिवशी कालव्याच्या पुलाखाली सापडला.

दारू पिऊन पुलाच्या सळयांवर पडला, असं मुकादमाच्या वकिलाने कोर्टात सांगितलं. टेम्पो आमच्या आवारात कधी आलाच नव्हता, असंही सांगितलं. तशी नोंद नव्हतीच; नोंद करायचं काम मुकादमाचं.

सगळं डोळ्यांनी पाहिलेला माणूस एकच होता, टेम्पोवाल्याचा सख्खा धाकटा भाऊ. तो ट्रकच्या चाकामागे राहिला होता. साक्षीच्या आधी मधला त्याच्याकडे गेला, त्याची करंगळी दाराच्या फटीत घातली आणि दार लावलं. करंगळी तुटली, दार मात्र नीट लागलं. मग कोर्टात तो म्हणाला, "दिसलं नाही साहेब. अंधार होता."

संध्याकाळी पाचला. ऐन उन्हाळ्यात.

न्यायाधीशांनी त्याच्याकडे चष्म्यावरून बराच वेळ पाहिलं, तेवढं लिहून घेतलं आणि मधल्याला निर्दोष सोडलं.

टेम्पोवाल्याची बायको गाड्यांच्या सीटची कव्हरं शिवायची. सगळे तिला सीटवालीच म्हणत. पुढे दुकान, मागे दोन खोल्या. दुकानात रेक्झिनचे गठ्ठे, फोमचे तुकडे, मेणलावला दोरा आणि एक आरी. जाड रेक्झिनला भोकं पाडणारी, लाकडी मुठीची, टोकाला वाकडी. तिच्याच घरात तो दीर राहायचा, तिच्याच हातचं जेवायचा. निकालाच्या दुपारी ती त्याला वाढायला बसली.

"भावजी, भाजी वाढू?"

"नको वहिनी."

"आहे हो ताटाच्या उजव्या बाजूला. दिसत नसेल. अंधार आहे ना."

दीर ताटावरून उठला नाही. उठून जायचं कुठे, हाही प्रश्न होताच.

तिची वकील एक बाई होती. वकीलबाईंना बारा महिने सर्दी. शिंकांच्या मधल्या जागेत त्या कायदा सांगत.

"खालच्या कोर्टाचा निकाल म्हणजे काळ्या दगडावरची रेघ नव्हे. वरच्या कोर्टात अपील करायचं. साठ दिवस असतात. निकालाची शिक्क्याची नक्कल मिळायला जे दिवस जातात ते त्यात धरत नाहीत. तेव्हा घाई नको."

"आणि साठ उलटले तर?"

"उलटले तर मग अवघड," असं म्हणून वकीलबाई शिंकल्या, आणि अवघड म्हणजे नेमकं किती ते त्या शिंकेत राहून गेलं.

नक्कल रखडली, मग कागद रखडले. वकिलांना शेवटचा दिवस हाच कामाचा पहिला दिवस वाटतो. अखेर निरोप आला: उद्या शेवटचा दिवस, कागद पाठवलेत, ते घेऊन कोर्टात या, कारकुनासमोर सही करायची आहे, पाचच्या आत.

शेवटचा दिवस मुकादमालाही ठाऊक होता. त्याने कोर्टातल्या एका ओळखीच्या शिपायाला चहा पाजून तो विचारून घेतला होता. विचारलं ते एवढंच. मुदत संपल्यावर पुढे काय होतं, हे त्याने विचारलं नाही. ते काय विचारायचं? वीस वर्षं तो दुसरं करत काय होता?

दुसऱ्या दिवशी दुपारची जेवणं आटोपून सीटवाली आणि दीर रिक्षात बसले. दिराला यायचं नव्हतं. पण "कागदाची पिशवी तरी धराल की तीही दिसत नाही?" असं ऐकल्यावर तो मुकाट्याने बसला. रिक्षा मोठ्या चौकात सिग्नलला थांबली आणि मागून खाड्‌कन आवाज झाला. रिक्षाची मागची चाकं उचलली गेली. रिक्षावाल्याने वळून पाहिलं तर क्रेनचा आकडा.

"ओ दादा, माणसं बसलीत आत! चालू गाडी आहे!"

थोरल्याने क्रेनमधून हात बाहेर काढला आणि चौकातल्या लोकांना उद्देशून ओरडला, "चुकीच्या जागी लावलेली आहे!"

लोकांनी रोजचं दृश्य म्हणून पाहिलं आणि पुढे गेले. काहींना तर बरंच वाटलं. रिक्षावाल्यांवर कोणाचा राग नसतो? दिराने मात्र पिशवी तिच्या मांडीवर टाकली, चालत्या रिक्षातून उडी घेतली, गुडघ्यांवर आपटला, उठला आणि पळाला. मागे एकदाही न बघता. तो शिरस्ता त्याने मोडला नाही.

मागून टांगलेली रिक्षा फाटकातून आत गेली. सीटवाली उतरली ती दुकानातून कमरेला खोचून आणलेली आरी हातात घेऊनच. थोरला तिला धरायला वाकला तेव्हा तिने ती त्याच्या गालात घातली. वाकडं टोक आतून दातांवर खरखरलं. तिने मूठ फिरवली, जशी रेक्झिनचं भोक मोठं करताना फिरवायची, आणि थोरला बैलासारखा हंबरला. मधल्याने तिला मागून केसांना धरून क्रेनच्या पायरीवर आपटलं. कपाळ फुटलं. ती उठली. त्याने पुन्हा आपटलं. नाक बसलं. तिसऱ्यांदा तिने त्याच्या मनगटाचा चावा घेतला आणि मांस तोंडात आलं तेव्हाच सोडलं.

मुकादम खोलीच्या दारात खुर्ची टाकून बसला होता. चहा बशीत ओतून घेत म्हणाला, "अरे, तोंडावर काय मारता? सही तोंडाने करतात का?"

मग मधल्याला उमगलं. त्याने तिचा उजवा हात पायरीवर पसरला, त्यावर गुडघा ठेवला आणि जॅकचा दांडा घेऊन बोटं एकेक करून मोडली. तो हिशेबाला पक्का होता. अंगठाही सोडला नाही. अंगठ्याचा ठसाही चालतो, हे त्याला कोर्टाच्या फेऱ्यांत कळलं होतं. सीटवाली ओरडली. धाकटा रुळाकडे धावला, पण पाच वाजले नव्हते, म्हणून तो रुळापाशी नुसताच उभा राहिला. वेळेआधी टोला द्यायचा नाही, म्हणजे नाही.

कागदाची पिशवी थोरल्याने रिक्षात फेकली आणि एका हाताने गाल दाबून दुसऱ्या हाताने रिक्षाच यंत्राखाली ढकलली. छप्पर बसलं, काच फुटली, कागद आणि रिक्षा एक झाले. रिक्षावाला एवढा वेळ टायरच्या ढिगाशी हात जोडून बसला होता. तो हळूच म्हणाला, "मुकादम, माझी मुदत महिनाभर होती ना?"

"तुझी आज संपली," मुकादम म्हणाला.

सीटवालीला टायरला बांधून ठेवलं. रक्त डोळ्यांत उतरलं होतं, त्यातून तिला मुकादमाचं मनगट तेवढं दिसत होतं. तो मधून मधून घड्याळ बघे आणि अगदी घरच्यासारखं बोले.

"सूनबाई, वैर नाही हो माझं. तुझा नवरा वाईट नव्हता. वेळेच्या आधी आला, एवढंच चुकलं त्याचं. उशिरा आला असता तर आज जिवंत असता."

"आणि तुमचा मुलगा उशिरा जन्मला असता तर?" ती म्हणाली. शब्द नीट निघत नव्हते, पण मधल्याला कळले. त्याने तिच्या बरगडीत लाथ घातली.

"हिचं तोंड शिवून टाक रे, हिच्याच दोऱ्याने," थोरला म्हणाला, पण बोलताना गालातून वारा गेला आणि वाक्याचा धाक गेला. रिक्षावाल्याला हसू आलं. त्यालाही मग चार दणके बसले.

पाच वाजले. धाकट्याने तीन टोले दिले. कोर्टाची कचेरीही पाचलाच बंद होते. मुकादमाने घड्याळ झाकलं, उठला, आणि त्याच्यात एकदम अंगणातल्या पाहुण्याला निरोप देण्याचा जिव्हाळा आला.

"सोडा रे बाईला. पाणी द्या. आता काय राहिलंय?"

धाकट्याला मात्र काहीतरी राहिलंय हे माहीत होतं. तो खोलीत गेला, भिंतीवरून एक पाटी काढून आणली आणि बापाकडे बघून थांबला. टेम्पोची पाटी. दोन वर्षं तो खिळा त्याच्या डोळ्यांत सलत होता. मुकादमाने पाटी पाहिली, भुवया चढवल्या, मग खांदे उडवले.

"दे. मुदत संपली की सगळं संपलं. आता ही चौकात उभी राहून बोंबलली तरी ऐकायला कोणी बांधील नाही."

धाकट्याने पाटी तिच्या काखेत नीट सरकवली, कारण तिचा हात धरण्यासारखा राहिला नव्हता. रिक्षावाल्यालाही त्याची दिली. "मुदत संपली, पाटी घेऊन जा," दोघांना वेगवेगळं म्हणाला. मग आत जाऊन तो रिकामा खिळाही उपटून टाकला आणि, बाकीच्या पाट्यांचे मालक केव्हातरी येतीलच म्हणून, त्या दिवशी पहिल्यांदा भिंतीकडे तोंड करून जेवला.

रिक्षावाल्याने तिला खांद्याचा आधार देत दुकानापर्यंत आणलं. वकीलबाई तिथे स्टुलावर बसल्या होत्या, भांडायच्या तयारीने.

"अहो, पाचपर्यंत वाट पाहिली मी त्या कारकुनासमोर! एवढं सांगून…" आणि मग त्यांनी तिच्याकडे पाहिलं. शिंक यायची होती तीही परतली.

कापडं कापायच्या टेबलाखालून दिराचे पाय दिसत होते.

"भावजी, बाहेर या. ते आले नाहीत, मीच आलेय."

"वहिनी, मी खरंच बघितलं नाही हो, मी…"

"माहीत आहे. रिक्षातही अंधार होता."

मग ती वकीलबाईंकडे वळली. "संपली ना मुदत?"

"संपली," वकीलबाई म्हणाल्या. "आधी दवाखान्यात चला. मग बोलू."

"संपली तर बोलायचं काय?"

"अहो, कोर्ट म्हणजे काही त्या मुकादमाचं आवार नाही. मुदत उलटली तरी कोर्ट विचारतं, उशीर का झाला? आळस केला म्हणालात तर घालवून देतं. पण हातात नसलेलं कारण असेल, खरं असेल आणि दाखवता आलं, तर उशीर माफ करतं. मी म्हटलं होतं ना, अवघड. अशक्य नव्हतं म्हटलं." त्यांनी नाक पुसलं. "पण तुम्हाला मारणारे कोण, हे दाखवावं लागेल. ते म्हणतील, जिन्यावरून पडली. त्यांच्या तावडीतली माणसं नेहमी कुठून ना कुठून पडतातच."

सीटवालीने काख सैल केली. पाटी टेबलावर पडून खणकली. दोन वर्षं प्रत्येक साक्षीदाराला वकीलबाईंनी तोच नंबर विचारला होता; तो त्यांना स्वतःच्या वाढदिवसाइतका पाठ होता.

"हा टेम्पो तर त्यांच्या आवारात कधी आलाच नव्हता," त्या हळू आवाजात म्हणाल्या.

"धाकट्याने दिली. आठवणीने."

"माझ्याकडेपण आहे," रिक्षावाला म्हणाला आणि आपली पाटी शेजारी ठेवली. दोन्ही पाट्यांच्या कडेला एकाच पहारीचे दात उमटले होते. रिक्षावाल्याला साक्षीला येशील का, असं वकीलबाईंनी भीतभीतच विचारलं. तो म्हणाला, "आता घाबरून वाचवायचं काय राहिलंय बाई? रिक्षा तर चपटी झाली." ज्याच्याकडे गमवायला काही उरलेलं नाही असा साक्षीदार मुकादमाने वीस वर्षांत प्रथमच तयार केला होता, आणि तोही स्वतःच्या यंत्राने.

वरच्या कोर्टात अर्ज सुनावणीला आला तेव्हा मुकादम तिन्ही मुलांना घेऊन पहिल्या बाकावर बसला होता. थोरल्याच्या गालाला टाके, मधल्याच्या मनगटाला पट्टी, आणि दोन्हींबद्दल त्यांचं म्हणणं एकच: कुत्रं चावलं. त्यांचा वकील उठून इतकंच म्हणाला की मुदत संपली आहे, आणि बसला. याहून जास्त कशाची गरज आहे असं त्यालाही वाटलं नसावं.

न्यायाधीशबाईंनी डॉक्टरचा दाखला वाचला. सीटवालीच्या प्लास्टरमधल्या हाताकडे पाहिलं. रिक्षावाल्याला ऐकलं. मग दोन्ही पाट्या मागवून घेतल्या आणि नखाने कडेचे दात चाचपले.

"आपलं म्हणणं असं," त्या मुकादमाच्या वकिलाला म्हणाल्या, "की ही बाई त्या दिवशी तुमच्या अशिलाच्या आवारात नव्हतीच. आळसामुळे उशीर केला."

"होय, बाईसाहेब."

"मग मुदतीचा दिवस घरी बसून वाया घालवला, असं धरायचं. मला वाटतं, तिच्याकडे वेळ भरपूर होता."

वकील मान डोलावणार इतक्यात मुकादम उभा राहिला. वीस वर्षांत कोणी त्याच्या पाच वाजण्यावर शंका घेतली नव्हती.

"बाईसाहेब, वेळ कुठला भरपूर? पाच वाजले होते! मी स्वतः घड्याळ पाहिलं. रूळ वाजल्यावरच बाईला सोडली. एक मिनिट आधी नाही. या धाकट्याला विचारा!"

धाकट्याने प्रामाणिकपणे मान डोलावली. "तीन टोले दिले मी."

वकिलाने कपाळाला हात लावला. न्यायाधीशबाईंनी लेखनिकाला सांगितलं, "हे जसंच्या तसं घ्या." मग त्यांनी आदेश दिला: उशीर अर्जदाराने केलेला नाही, तिच्याकडून करवून घेतला आहे, तो माफ, अपील दाखल, मधल्याला ताब्यात घ्या, आणि त्या दिवसाच्या प्रकाराबद्दल बाकीच्यांनाही.

"पण मुदत संपली होती," मुकादम शेजारच्या पोलिसाला समजावत होता. "मग मुदत ठेवता कशाला?" पोलिसाने त्याला दाराकडे वळवलं. व्हरांड्यात आल्यावर मुकादमाला उत्तराऐवजी धाकटा दिसला. त्याने पोलिसाच्या हातातली काठी हिसकावली आणि धाकट्याच्या तोंडावर घातली. एकदा, दोनदा. दात फरशीवर घरंगळले. धाकटा खाली बसला, तरी मुकादम मारत राहिला, "पाटी दे म्हणालो होतो का मी? म्हणालो होतो का?" आणि धाकटा रक्ताच्या गुळण्या टाकत म्हणत होता, "म्हणालात बाबा. दे म्हणालात." तेही जवळपास सगळ्या कोर्टाने ऐकलं. मधल्याला बेड्या होत्या म्हणून त्याने लाथेने बापाचा गुडघा फोडला. थोरला गालाला हात लावून नुसता बघत राहिला. चार पोलीस लागले त्या घराला एकमेकांपासून सोडवायला.

सीटवाली जिन्याजवळ उभी राहून शेवटपर्यंत बघत होती. वकीलबाई म्हणाल्या, "चला हो, काय बघायचं त्यात."

"थांबा. उजेड चांगला आहे."

अपील दाखल झालं म्हणजे मधला शिक्षा भोगायला गेला असं नव्हे. पुढे तारखा होत्या, साक्षी होत्या, वकीलबाईंची सर्दी होती. दिराला पुन्हा समन्स निघणार होतं, आणि तो काय सांगेल याची खात्री कोणालाच नव्हती. माणसं एका मारहाणीत बदलतात असं म्हणणाऱ्यांनी मार खाल्लेला नसतो.

दुसऱ्या दिवशी दुकानात एक अर्धवट शिवलेलं सीट पडलं होतं आणि गिऱ्हाईक दारात उभं होतं. सीटवालीने डाव्या हाताने सुई धरून पाहिली, दोरा दातांत धरून पाहिला. नाकाची सूज अजून डोळ्यांपर्यंत होती, दोरा नेढ्याच्या बाजूनेच जात राहिला. दीर कोपऱ्यात फोमचे तुकडे रचत होता. तो उठला, चार बोटांच्या हाताने सुई घेतली, दारातल्या उन्हात नेली आणि एका फटक्यात दोरा ओवून परत आणून दिली.

तिने सुई घेतली, त्याच्याकडे पाहिलं.

"दिसलं वाटतं."

"दिसलं वहिनी," तो म्हणाला, आणि दुसरी सुई घ्यायला वाकला.